नफा वीस टक्के, पण कशावर?

‘एका दुकानदाराने कुकर ९२० रुपयांना विकला, तेव्हा त्याला शेकडा १५ नफा झाला. तर कुकरची खरेदी किंमत किती?’

शिष्यवृत्तीच्या तयारीला बसलेल्या मुलांना हे गणित घाला. बरीच पोरं झटक्यात ९२० चे १५ टक्के काढतील, १३८ येतील, ते ९२० मधून वजा करतील आणि ७८२ लिहून मोकळी होतील. गुणाकार बरोबर, वजाबाकी बरोबर, उत्तर चूक. ताळा करून पाहा. ७८२ चे १५ टक्के होतात ११७ रुपये ३० पैसे. ते ७८२ मध्ये मिळवले की ८९९ रुपये ३० पैसे. कुकर तर ९२० ला विकलाय.

म्हणजे आकडेमोड चुकलेली नाही. १५ टक्के होते खरेदी किमतीचे आणि आपण काढले विक्री किमतीचे. नफा-तोट्याच्या धड्यात मुलं अडखळतात त्यातल्या बहुतेक जागा अशाच असतात. पाठ केलेल्या सूत्रांनी इथे फारसं भागत नाही. प्रत्येक वेळी ‘टक्के’ हा शब्द दिसला की ‘कशाचे?’ हे विचारावं लागतं.

शाळेतला ठराव असा आहे की, वेगळं काही सांगितलं नसेल तर शेकडा नफा आणि शेकडा तोटा दोन्ही खरेदी किमतीवर काढायचे. यामागे साधं कारण आहे: खिशातून गेलेले पैसे तेवढे. एकाने २०० रुपये घालून ५० मिळवले, दुसऱ्याने ४०० घालून ६० मिळवले. दुसऱ्याचा नफा दहा रुपयांनी जास्त दिसतो, पण पहिल्याने दर शंभराला २५ कमावले आणि दुसऱ्याने दर शंभराला १५. धंदा कोणाचा बरा चालला, हे दर शंभराच्या हिशोबाने कळतं. शेकडा काढायचा तो या तुलनेसाठी.

सूत्र म्हणून लिहायचं तर: नफा ÷ खरेदी किंमत × १००. तोट्याला तसंच. सरळ गणितांसाठी एवढं पुरतं. ४०० ला घेतलं, ४६० ला विकलं, नफा ६०; ६० ÷ ४०० × १०० = १५ टक्के. यावर जास्त वेळ घालवायला नको.

खरेदी १०० धरली की

कुकरकडे परत येऊ. खरेदी किंमत माहीत नाही, म्हणून ती १०० धरू. नफा शेकडा १५, म्हणजे विक्री ११५. प्रत्यक्षात विक्री आहे ९२०. आता ९२० ला ११५ ने भागलं की ८ येतात, म्हणजे या गणितात एक टक्का ८ रुपयांचा आहे. खरेदी १०० टक्के, म्हणून ८०० रुपये. ताळा: ८०० चे १५ टक्के १२०, आणि ८०० अधिक १२० बरोबर ९२०.

ही काही अलीकडची क्लृप्ती नाही. भास्कराचार्यांनी ११५० साली लिहिलेल्या ‘लीलावती’त ‘इष्टकर्म’ नावाची रीत आहे: सोयीची एखादी संख्या धरायची, गणितातल्या अटी तिच्यावर चालवायच्या, जे उत्तर येईल त्याच्या प्रमाणात खरी संख्या काढायची. आपण सोयीची संख्या म्हणून १०० धरतो, एवढंच.

‘एक टक्का म्हणजे किती रुपये’ हे सापडलं की पुढची कितीतरी गणितं तोंडी सुटतात. उदाहरणार्थ: ‘एक खुर्ची ११४० रुपयांना विकली तर शेकडा ५ तोटा होतो. शेकडा ५ नफा व्हायचा असेल तर ती कितीला विकावी?’ तोटा ५, म्हणजे विक्री ९५ टक्के. ९५ टक्क्यांचे ११४०, तर एक टक्का १२ रुपयांचा. नफ्यासाठी विक्री हवी १०५ टक्के, म्हणजे १२६० रुपये. मधे खरेदी किंमत काढायचीही गरज पडली नाही. (हवीच असेल तर १२००.)

किंवा हे: ‘एका वस्तूवर शेकडा १० नफा झाला. ती आणखी ९० रुपये जास्त घेऊन विकली असती तर शेकडा १६ नफा झाला असता.’ जास्तीच्या ९० रुपयांनी सहा टक्के वाढले, म्हणून एक टक्का १५ रुपयांचा आणि खरेदी १५००. विक्री किती ते विचारलेलं नसेल तर तिच्या वाटेला जाऊच नका. हे गणित वाचायला लांबलचक वाटतं आणि सुटतं एका ओळीत, म्हणून स्पर्धा परीक्षा काढणाऱ्यांचं ते लाडकं आहे.

खरेदी म्हणजे नुसती खरेदी नव्हे

सहावीच्या पातळीवरच मुलांना एक गोष्ट सांगितली जाते आणि परीक्षेत हमखास विसरली जाते: वस्तू विकायला तयार होईपर्यंत तिच्यावर झालेला सगळा खर्च खरेदीत धरायचा. वाहतूक, हमाली, तोलाई, दुरुस्ती, सगळं.

आंब्याचा हिशोब मांडू. एका विक्रेत्याने हापूसच्या १० पेट्या दर पेटी २४०० रुपयांनी घेतल्या. एका पेटीत ५ डझन. टेम्पोचे ८०० आणि हमालीचे २०० रुपये झाले. पेट्या उघडल्यावर २ डझन आंबे डागी निघाले, ते फेकावे लागले. उरलेले ६०० रुपये डझनाने विकले. नफा शेकडा किती?

एकूण खरेदी २४,००० + ८०० + २०० = २५,००० रुपये. आंबे होते ५० डझन, विकले गेले ४८ डझन. विक्री ४८ × ६०० = २८,८०० रुपये. नफा ३८००. शेकडा नफा ३८०० ÷ २५,००० × १०० = १५.२.

टेम्पो आणि हमाली विसरली असती तर नफा ४८०० आणि खरेदी २४,००० धरून उत्तर बरोब्बर २० टक्के आलं असतं. गंमत ही की चुकीचं उत्तर गोल, देखणं. खरं उत्तर १५.२, आडमुठं. मुलांना वाटतं गोल उत्तर म्हणजे बरोबर. पर्यायी प्रश्नांत तो २० चा पर्याय मुद्दाम ठेवलेला असतो.

आणखी एक बारकावा. डागी निघालेल्या २ डझनांचे पैसे खरेदीतून वजा करायचे नाहीत. ते दिलेलेच आहेत. फेकलेल्या मालाची झळ विक्रीकडून लागते: विकायला ५० च्या जागी ४८ डझनच राहिले.

दोन्हीकडे वीस, तरी तोटा

आता या धड्यातलं सगळ्यांत सुंदर गणित. ‘एकाने दोन जुन्या सायकली प्रत्येकी २४०० रुपयांना विकल्या. एकीवर शेकडा २० नफा झाला, दुसरीवर शेकडा २० तोटा. एकूण व्यवहारात काय झालं?’

ऐकणारा म्हणतो: काहीच नाही, फिटंफाट. हिशोब करू. पहिल्या सायकलची विक्री १२० टक्के, म्हणजे एक टक्का २० रुपयांचा आणि खरेदी २०००. दुसरीची विक्री ८० टक्के, एक टक्का ३० रुपयांचा, खरेदी ३०००. एकूण खरेदी ५०००, एकूण विक्री ४८००. तोटा २०० रुपये, शेकडा ४.

कारण दोन ‘वीस’ सारखे नाहीत. नफ्याचे वीस टक्के २००० चे आहेत, तोट्याचे वीस टक्के ३००० चे. एकीकडे ४०० आले, दुसरीकडे ६०० गेले. विक्री किंमत सारखी असेल तर ज्या वस्तूवर तोटा झाला ती महागात घेतलेलीच असणार. म्हणून तोट्याचा शेकडा नेहमीच मोठ्या रकमेवर बसतो. अशा व्यवहारात तोटा ठरलेला. नफा होणं शक्यच नाही.

यावरून एक झटपट सूत्र निघतं: दोन्हीकडचा शेकडा क्ष असेल तर एकूण तोटा शेकडा क्ष × क्ष ÷ १००. वीसला ४, दहाला १, तीसला ९. व्हिडिओंमधून हे सूत्र ‘ट्रिक’ म्हणून वाटलं जातं, आणि माझा आक्षेप तिथेच आहे. ते कुठे चालतं हे कोणी सांगत नाही. त्याला दोन अटी आहेत: दोन्ही वस्तूंची विक्री किंमत सारखी हवी आणि नफा-तोट्याचा शेकडा सारखा हवा. खरेदी किंमत सारखी असेल (दोन्ही सायकली २५०० ला घेतल्या, एकीवर २० टक्के नफा, दुसरीवर २० टक्के तोटा) तर खरोखरच फिटंफाट होते आणि सूत्र लावणारा तोंडावर पडतो. शेकडे वेगळे असले तरी तेच. दोन वस्तू प्रत्येकी १२०० ला विकल्या, एकीवर २५ टक्के नफा, दुसरीवर २० टक्के तोटा: खरेदी ९६० आणि १५००, मिळून २४६०, विक्री २४००, तोटा ६० रुपये, म्हणजे अडीच टक्क्यांच्या किंचित आत. इथे सूत्राला जागाच नाही, मांडणीच करावी लागते. आणि मांडणीला मिनिटसुद्धा लागत नाही.

लिंबं, डझन आणि खोटं वजन

‘१० रुपयांना ६ या भावाने लिंबं घेतली आणि १० रुपयांना ५ या भावाने विकली.’ इथे खरेदी आणि विक्री वेगवेगळ्या नगांची दिली आहे, म्हणून तुलना अडते. दोन्ही भावांत नग सारखे करा. ६ आणि ५ चा लसावि ३०. तीस लिंबं घ्यायला ५० रुपये, तीस विकून ६० रुपये. नफा ५० वर १०, शेकडा २०.

याच कुळातलं दुसरं: ‘१२ पेनांची खरेदी किंमत आणि १० पेनांची विक्री किंमत सारखी आहे.’ फरक २ पेनांचा, म्हणून मुलं २ ÷ १२ करतात आणि १६.६७ टक्के लिहितात. पण विकली किती पेनं? दहा. दहा पेनं विकून बारा पेनांचे खरेदीचे पैसे हातात आले. दहावर दोन मिळाले, म्हणून शेकडा २०. भाजकात १२ की १० असा संभ्रम पडला तर मनात म्हणायचं: ‘गेलं किती?’ गेली दहा पेनं.

खोट्या वजनाचं गणितही इथेच बसतं. एखादा वाणी ‘खरेदीच्याच भावाने देतो’ म्हणतो आणि किलोच्या जागी ९०० ग्रॅम देतो. नफा १० टक्के नाही. त्याचा गेला ९०० ग्रॅम माल, पैसे घेतले १००० ग्रॅमचे. १०० ÷ ९०० × १००, म्हणजे ११ पूर्णांक एक नवमांश टक्के. गणितात हा नफा असला तरी कायद्यात गुन्हा आहे. वैध मापन शास्त्र कायदा २००९ चा आहे आणि वजनकाट्यांच्या तक्रारी याच नावाच्या राज्य सरकारच्या खात्याकडे जातात.

बाजारात टक्के दुसऱ्याच रकमेवर असतात

शाळेबाहेर पडलं की घोळ वाढतो, कारण बाजार प्रत्येक टक्का खरेदीवर मोजत नाही. सूट छापील किमतीवर असते. कमिशन विक्रीवर असतं. जीएसटी कर लागण्याआधीच्या किमतीवर असतो. आठवी-दहावीच्या गणितात हे सगळं येतं, आणि सहावीचा ‘खरेदीवर’ हा धडा डोक्यात घट्ट बसलेला मुलगा तिथे गडबडतो.

समजा दुकानदाराने खरेदीच्या ४० टक्के वर छापील किंमत ठेवली आणि गिऱ्हाइकाला २५ टक्के सूट दिली. नफा ४० वजा २५, म्हणजे १५ टक्के? नाही. खरेदी १००, छापील १४०. सूट १४० ची २५ टक्के, म्हणजे ३५. विक्री १०५. नफा फक्त ५ टक्के. ४० आणि २५ वेगवेगळ्या रकमांचे टक्के आहेत, त्यांची बेरीज-वजाबाकी करता येत नाही. दिवाळीच्या सेलमधल्या ‘५० टक्के + २० टक्के सूट’ या पाट्यांचंही हेच. १०० चे आधी ५० होतात, मग त्या ५० वर २० टक्के सूट, म्हणजे १० रुपये. एकूण सूट ६० टक्के. पाटी मात्र अशी रंगवलेली असते की डोक्यात ७० यावेत.

जीएसटीचं गणित कुकरच्या गणिताचंच जुळं भावंड आहे. ‘१८ टक्के जीएसटीसह किंमत ११८० रुपये.’ कर किती? ११८० चे १८ टक्के काढले तर २१२ रुपये ४० पैसे येतील आणि ते चूक. ११८ टक्क्यांचे ११८०, एक टक्का १० रुपयांचा, कर १८० रुपये.

पण खरी मजा ‘मार्जिन’ मध्ये आहे. किराणा दुकानदार ‘या मालावर २० टक्के मार्जिन सुटतं’ म्हणतो तेव्हा बहुधा तो छापील किमतीचा हिशोब सांगत असतो: १०० ची वस्तू त्याला ८० ला पडते. शाळेच्या रीतीने हा नफा ८० वर २०, म्हणजे २५ टक्के. दोघंही खोटं बोलत नाहीत. पुस्तकविक्रीतही असंच असतं. छापील किंमत ४०० आणि विक्रेत्याला त्यावर २५ टक्के कमिशन, तर पुस्तक त्याला ३०० ला पडलं. पूर्ण किमतीला विकलं तर नफा ३०० वर १००, म्हणजे ३३ पूर्णांक एक तृतीयांश टक्के. वाचकाला १० टक्के सूट देऊन ३६० ला विकलं तरी २० टक्के नफा राहतोच.

या अदलाबदलीला अपूर्णांकाची एक छान वाट आहे. मार्जिन विक्रीच्या १/५ असेल तर नफा खरेदीच्या १/४ असतो: छेदातून एक वजा. विक्रीचा १/४ असेल तर खरेदीचा १/३. उलट जायचं तर छेदात एक मिळवा: खरेदीवर २० टक्के, म्हणजे १/५ नफा, तो विक्रीचा १/६. विक्रीचे पाच भाग असतील आणि त्यातला एक नफा असेल, तर खरेदी चारच भागांची उरते; म्हणून हे जमतं. वरचा अंक १ असेल तेव्हाच हे सरळ लागू होतं.

औषधांच्या बाबतीत तर टक्के कशावर हे सरकारी आदेशातच लिहिलेलं आहे. औषधे (किंमत नियंत्रण) आदेश, २०१३ नुसार किंमत-नियंत्रित औषधांची कमाल किंमत ठरवताना किरकोळ विक्रेत्यासाठी १६ टक्के मार्जिन धरलं जातं, आणि ते विक्रेत्याला ज्या भावाने औषध मिळतं त्या भावावर. म्हणजे १०० चं औषध ११६ ला, वर कर. हेच १६ टक्के विक्री किमतीवर धरले असते तर औषध ११९ रुपयांच्या वर गेलं असतं.

पडल्यावर चढणं

वीस टक्के तोटा झाल्यावर वीस टक्के नफा झाला तरी माणूस मूळ पदावर येत नाही. १०० चे ८० झाले, ८० वर २० टक्के म्हणजे १६, एकूण ९६. परत १०० गाठायला ८० वर २०, म्हणजे २५ टक्के नफा हवा. पडताना टक्के मोठ्या रकमेचे, चढताना लहान रकमेचे.

मुंबई शेअर बाजारात हे हजारो लोकांनी अंगावर झेललं आहे. जानेवारी २००८ मध्ये सेन्सेक्स २०,८७३ वर बंद झाला होता; मार्च २००९ मध्ये तो ८,१६० पर्यंत उतरला. घसरण सुमारे ६१ टक्के. तेवढेच १२,७१३ अंक परत मिळवायला किती वाढ लागली? १२,७१३ ÷ ८,१६० × १००, म्हणजे जवळपास १५६ टक्के. सेन्सेक्स त्या पातळीवर परत यायला नोव्हेंबर २०१० उजाडला.

यातून उत्तर तपासायची एक खूणही मिळते. नफा शेकडा १०० च्या पुढे जाऊ शकतो, दुप्पट-तिप्पट भावाला विकलं की जातोच. तोटा मात्र १०० च्या पुढे जात नाही, कारण वस्तू फुकट दिली तरी गेली तेवढीच खरेदी किंमत. तोटा शेकडा १२० असं उत्तर आलं तर भाजकात विक्री किंमत घातली गेलीय का, ते आधी बघा.

शेवटी एक जरा कडक गणित, सोडवून बघायला. ‘एकाने वस्तू शेकडा २० नफ्याने विकली. तीच वस्तू त्याला २० टक्के स्वस्त मिळाली असती आणि त्याने ती ७५ रुपये कमी घेऊन विकली असती, तर शेकडा २५ नफा झाला असता. मूळ खरेदी किंमत किती?’ सुरुवात करून देतो: मूळ खरेदी १००, विक्री १२०. दुसरी खरेदी ८०. आता २५ टक्के नफा काढायचाय तो १०० वर नाही, या ८० वर. तिथून दोन विक्रींमधला फरक किती टक्क्यांचा आला ते पाहा आणि तेवढ्यांचे ७५ रुपये धरा. उत्तर ३७५ यायला हवं. वेगळं आलं तर ते २५ टक्के कशावर काढले, तेवढी एकच ओळ पुन्हा तपासा.